किल्ली नसलेलं कपाट

हांबुर्गला मी ज्या बाईंकडे राहायचे, त्यांच्या बैठकीच्या खोलीत अक्रोडाच्या लाकडाचं एक काळसर कपाट होतं. वर काचेआड चहाचे पातळ कप, खाली दोन दारं. ती दारं उघडायची तर बाई जेवणातल्या सुरीचं टोक फटीत घालत, मनगट किंचित वर उचलत आणि दार टक् करून सुटे. कुलूप होतं, किल्ली नव्हती. 1984 च्या ऑक्टोबरात मी तिथं राहायला गेले. जर्मन शिकलेली पुण्याची मुलगी, शिष्यवृत्तीवर एका वर्षासाठी आलेली. पहिल्याच रविवारी बाईंनी सांगितलं की हे कपाट त्यांच्या आईनं लग्नात दिलं. तीन आठवड्यांनी शेजारीण कॉफीला आली, तेव्हा तेच कपाट लढाईच्या दिवसांत स्वस्तात मिळालेलं निघालं. शेजारीण मान डोलवत होती आणि मी कपात बघत होते.

आमच्या पुण्याच्या घरी एका पितळी पातेल्याच्या तीन गोष्टी होत्या, त्यामुळं असल्या बाबतीत माझे कान लहानपणापासून तयार होते. पातेल्याचं पुढं येईल.

बाई सत्तरीच्या. नवरा युद्धातून परतलाच नव्हता. आयम्सब्युटेल भागात तिसऱ्या मजल्यावर दोन खोल्या त्यांच्या आणि मागची एक माझी. संध्याकाळी सातच्या सुमाराला त्या स्वयंपाकघरातून हाक मारत, "फ्रॉइलाइन, चहा." मग गोष्टी निघत. खरं तर गोष्ट एकच, जुलै 1943 ची. इंग्रजांची विमानं रात्री आणि अमेरिकनांची दिवसा, आठ-दहा दिवस हांबुर्गवर येत राहिली. पहिल्या रात्री आल्टोना आणि आयम्सब्युटेल, मग 27 च्या रात्री हामरब्रोक. त्या रात्री आगीचं वादळ उठलं, रस्त्यांवरचं डांबर वितळलं, तीस हजारांहून जास्त माणसं त्या दिवसांत गेली. बाई हे कीर्तनकारानं आख्यान लावावं तसं सांगत. शब्द तेच, थांबण्याच्या जागा त्याच. तळघरातली शेजारीण ओला टॉवेल तोंडावर धरून बसली होती, तिथं त्या दर वेळी स्वतःचा हात तोंडाशी नेत. चौथ्यांदा ऐकताना माझ्या लक्षात आलं की हात तोंडाशी जाण्याआधीच माझे डोळे भरून येतात. इतकी ती गोष्ट घोटलेली होती.

1943 च्या आधीचं मात्र त्या बोलत नसत. 1941 च्या ऑक्टोबरात शहरातल्या ज्यू माणसांना मोरवायडेच्या हिरवळीशी जमवून शहरातल्याच 'हानोव्हर' नावाच्या स्टेशनातून पोलंडकडे पाठवलं, ती हिरवळ बाईंच्या घरापासून चालत जाण्याएवढी. मला हे विद्यापीठात कळलं, कारण विद्यापीठ त्याच हिरवळीसमोर आहे.

नोव्हेंबरात एका रात्री बाईंच्या टीव्हीवर एक लांबलचक माहितीपट लागला. 'डेअर प्रोत्सेस', म्हणजे 'खटला'. तीन रात्री मिळून साडेचार तास. दिग्दर्शक एबरहार्ट फेख्नर. देशभर दिसणाऱ्या मुख्य वाहिनीवर न दाखवता तो प्रादेशिक वाहिन्यांवर टाकला होता आणि त्यावरून तेव्हा बरीच कुरबूरही झाली. आमच्याकडे नको असलेल्या पाहुण्याला माजघरात न घेता ओसरीवरच चहा देतात, त्यातलाच प्रकार.

हा फेख्नर कोण हे मला त्या रात्री ठाऊक नव्हतं. नंतर विद्यापीठाच्या ग्रंथालयात बसून त्याचे सापडतील तेवढे चित्रपट पाहिले. पुढं पुण्यात परतल्यावर त्याच्या नादानं घरच्यांचा रोष ओढवून घेतला, तो इतका की आत्या वर्षभर बोलली नाही.

फेख्नर 1926 चा, लीग्निट्सचा. तेव्हा ते जर्मनीत होतं, आता पोलंडात आहे आणि लेग्नित्सा म्हणतात. त्या साली जन्मलेल्या मुलाची शाळा हिटलरच्या राज्यात झाली आणि तारुण्य उजाडलं ते युद्धात. युद्धानंतर बर्लिनच्या डॉइचेस थिएटरमध्ये तो नटाचं काम शिकला, गावोगावच्या रंगभूमीवर वावरला. साठच्या दशकाच्या सुरुवातीला मिलानला पिक्कोलो तेआत्रोत जॉर्जो स्ट्रेलेरच्या हाताखाली उमेदवारी केली. मग हांबुर्गच्या उत्तर जर्मन नभोवाणी केंद्रात, ज्याला सगळे 'एनडीआर' म्हणतात, तिथं एगॉन मोंक टीव्हीच्या नाट्यविभागाचा प्रमुख होता. त्यानं फेख्नरला बोलावून घेतलं. म्हणजे हा मनुष्य माहितीपटात आला तो बातमीदारीच्या वाटेनं आलाच नाही. नाटकाच्या वाटेनं आला. माणूस बोलता बोलता कुठं अडतो, कुठं नजर चुकवतो, कोणतं वाक्य पाठ केलेलं आणि कोणतं आत्ता सुचलेलं, हे त्याला नटाच्या कानानं कळत असणार. माझा हा तर्क आहे, पण त्याचे चित्रपट बघितल्यावर दुसरा तर्क करवत नाही.

1969 साली त्यानं एक तासाभराचा चित्रपट केला, 'नाखरेडे आउफ क्लारा हायडेब्रेक'. 'नाखरेडे' हा शब्द मजेदार आहे. शब्दशः 'मागाहून बोलणं'. मेलेल्या माणसाबद्दलचे दोन शब्द असाही अर्थ निघतो आणि कोणाच्या पाठीमागं वाईट बोलणं असाही. आपल्याकडं 'मागं बोलणं' जसं दोन्हीकडं झुकतं, तसंच. क्लारा हायडेब्रेक ही पश्चिम बर्लिनच्या वेडिंग भागातली बहात्तर वर्षांची एकटी राहणारी पेन्शनर बाई. मार्च 1969 मध्ये तिनं आत्महत्या केली. शहरात असे कितीतरी होत. पोलिसांच्या वहीतल्या नोंदींपैकी एक नोंद फेख्नरनं उचलली आणि ठरवलं की ही बाई कोण होती ते शोधायचं.

तिच्याबद्दल कोणालाच काही विशेष माहीत नव्हतं. शेजाऱ्यांना जिन्यावरचा नमस्कार माहीत. नातलगांना सणासुदीच्या भेटी माहीत. पोलिसांना खोली माहीत. पण बाईनं कागद जपून ठेवले होते, पत्रं, पावत्या, दाखले. फेख्नर एकेक कागद कॅमेऱ्यासमोर ठेवतो, स्वतःच्या कोरड्या आवाजात वाचतो आणि मग ज्यांना ती थोडीफार माहीत होती त्यांना बोलतं करतो. हळूहळू दिसू लागतं की कैसरच्या राज्यात जन्मलेली ही मुलगी दोन महायुद्धं, महागाई, बेकारी, हिटलर आणि बर्लिनची फाळणी या सगळ्यातून नोकऱ्या बदलत, काटकसर करत, एकटीनं चालत आली होती. जर्मनीचा अर्धाअधिक शतकाचा इतिहास एका पेन्शनरीण बाईच्या खणात घडी घालून ठेवलेला. कोणी थोर नाही, कोणी खलनायक नाही. चित्रपट संपताना आपल्याला वाटतं की ही बाई आपल्या जिन्यावर राहत होती आणि आपण तिला एकदाही चहाला बोलावलं नाही.

माझ्या मते फेख्नरचं सर्वांत मोठं काम हेच. पुढच्या चित्रपटांचा गाजावाजा जास्त झाला, ते लांब आहेत, जड आहेत. पण एका निनावी बाईची खणाखणांतून चौकशी करण्याचा हा विनय पुढच्या कामात तितकाच टिकला का, याबद्दल मला शंका आहे.

त्यानंतर 'क्लासेनफोटो' आला. बर्लिनच्या एका शाळेतल्या वर्गाचा जुना फोटो घ्यायचा आणि त्यातली मुलं पुढं कुठं कुठं गेली ते त्यांच्याच तोंडून ऐकायचं. फोटोत शेजारी शेजारी उभी असलेली मुलं, पुढं एक गणवेशात, दुसरा देश सोडून पळालेला. इथं त्याची खास रीत पक्की झाली. ती सांगते, कारण तिच्यावाचून या माणसाबद्दल बोलण्यात अर्थ नाही.

तो प्रत्येकाला वेगळं भेटे. त्याच्या घरी, त्याच्या खुर्चीत, तासन् तास. मग सगळं बोलणं शब्दन् शब्द टाइप करून घेतलं जाई आणि आधी कागदावर कापाकापी होई. मग संकलक ब्रिगिटे किर्शेबरोबर फिल्मवर. त्या काळी जर्मन टीव्हीचं संकलन आडव्या टेबलांवर चाले. त्यातली नावाजलेली टेबलं हांबुर्गच्याच श्टेनबेकची, थाळीएवढ्या चकत्यांवर एकीकडं चित्र आणि एकीकडं आवाज फिरणारी. तिथं फेख्नर एकाचं वाक्य अर्ध्यावर तोडे आणि दुसऱ्याच्या तोंडून पुरं करी. बर्लिनमधला म्हातारा म्हणतो, "आणि त्या दिवशी आम्ही..." आणि हजार मैलांवरचा दुसरा म्हातारा म्हणतो, "...ठरवलं की आता पुरे." दोघं कित्येक वर्षांत भेटलेले नाहीत, पण पडद्यावर एका टेबलाभोवती बसून वाद घालताहेत. फेख्नरचा स्वतःचा प्रश्न जवळजवळ ऐकूच येत नाही.

आता यात जर्मन भाषेची एक गंमत आहे, जी इंग्रजीतून बघणाऱ्याच्या ध्यानात येणार नाही, पण मराठी माणसाला चटकन कळते. जर्मन पोटवाक्यात क्रियापद बहुतेकदा शेवटी येतं. कोण, कुठं, कधी, कोणाबरोबर, सगळं सांगून होतं आणि काय केलं ते मात्र राहिलेलं असतं. तिथं कात्री लावली की क्रियापद दुसऱ्याच्या हाती जातं. आपणही असंच बोलतो. 'ते पातेलं मी त्या दिवशी नदीकाठावरून...' इथं थांबा. 'आणलं', 'उचललं', 'घेतलं', 'सापडलं', काहीही येऊ शकतं आणि प्रत्येकानं गोष्ट फिरते.

ही रीत सर्वांत रंगली 1976 च्या 'कॉमेडियन हार्मोनिस्ट्स' मध्ये. हा सहा जणांचा गाण्याचा ताफा, पाच गळे आणि एक पियानोवाला. 1927 च्या डिसेंबरात हॅरी फ्रोमरमान या बेकार तरुणानं बर्लिनच्या वर्तमानपत्रात गायक हवेत म्हणून जाहिरात दिली, त्यातून तो जमला. थोड्याच वर्षांत त्यांची गाणी जर्मनीभर लोकांच्या तोंडी बसली. सहांपैकी तिघे ज्यू, म्हणून 1935 मध्ये त्यांच्यावर बंदी आली. तिघे देशाबाहेर गेले, तिघे मागं राहिले, दोन्ही बाजूंनी नवे ताफे जमवून बघितले, पण तो सूर पुन्हा लागला नाही. चाळीस वर्षांनी फेख्नरच्या कॅमेऱ्यासमोर बोलले ते चौघे. रोबेर्ट बिबेर्टी बर्लिनमध्ये, अजूनही सगळे कागद राखून. एर्विन बोट्स हांबुर्गात. आरी लेश्निकॉफ, ज्याच्या उंच स्वरावर बायका जीव टाकत, तो सोफियात गरिबीत. आणि रोमान सिकोव्स्की कॅलिफोर्नियात पाम स्प्रिंग्जला, सिनेगॉगमध्ये प्रार्थना गात. फ्रोमरमान चित्रपट पडद्यावर येण्याआधी, 1975 च्या ऑक्टोबरात वारला.

फूट कशी पडली, दोष कोणाचा, पैसे कोणाकडं राहिले, यावर प्रत्येकाचा सूर निराळा. फेख्नर त्यांच्यात निवाडा करत नाही, नुसता एकाचा शब्द दुसऱ्याच्या शब्दाशेजारी ठेवतो. आमच्याकडं वाटणीच्या वेळी चार भाऊ चार खोल्यांत बसून बोलतात आणि मधे ये-जा करणारी एखादी वहिनी सगळ्यांचं ऐकते, त्या वहिनीची जागा फेख्नरची. फक्त ही वहिनी तिखटमीठ लावत नाही. ते काम तिची कात्री करते.

कथापटही त्यानं केले. त्यातला 'टाडेल्योझर उंट वोल्फ' हा वाल्टर केम्पोव्स्कीच्या कादंबरीवरचा, 1975 चा. रोस्टॉकच्या एका सुखवस्तू जहाजवाल्या घराची युद्धातली वर्षं. नाव म्हणजे घरातल्या वडलांची लाडकी म्हण आहे. 'ल्योझर उंट वोल्फ' ही सिगारवाल्यांची कंपनी आणि जर्मनमध्ये 'टाडेलोस' म्हणजे बिनचूक. दोन्ही एकत्र करून वडील कशालाही खूश होऊन तसं म्हणत. बॉम्ब पडत असतानाही घरातल्या असल्या म्हणी चालूच राहतात, हे त्यात फार छान दाखवलं आहे. बाकी कथापटांबद्दल मला फारसं सांगायचं नाही.

आता त्या नोव्हेंबरातल्या तीन रात्री.

मायदानेक ही पोलंडातल्या लुब्लिन शहराला लागून असलेली नाझी छळछावणी. तिथल्या रक्षकांवर आणि अधिकाऱ्यांवर ड्युसेलडॉर्फच्या न्यायालयात खटला चालला तो 26 नोव्हेंबर 1975 ते 30 जून 1981. चारशे चौऱ्याहत्तर दिवस सुनावणी. आरोपींत बायकाही होत्या. हर्मिने रायन ही न्यूयॉर्कमध्ये अमेरिकन नवऱ्याबरोबर संसार करत होती, तिला तिथून आणलेलं. जन्मठेप झाली ती तिला, बाकीच्या दोषींना कमी. न्यायालयात कॅमेऱ्याला मज्जाव. म्हणून फेख्नरनं बाहेर सगळ्यांना वेगवेगळं गाठलं. छावणीतून वाचलेले साक्षीदार, न्यायाधीश, सरकारी वकील, बचावाचे वकील, कामकाज पाहायला येणारे लोक आणि आरोपी देखील. सत्तरच्या आसपास माणसं. आठ वर्षं तो या एका कामात होता. मग त्यानं आपल्या टेबलावर ते न्यायालय नव्यानं भरवलं. एक साक्षीदार सांगते, बूट घातलेली रक्षकबाई कशी लाथा मारी. पुढच्या क्षणी तीच आरोपी, आता म्हातारी, आपल्या दिवाणखान्यात, पडद्याला फुलांची नक्षी. या दोघींना तसं समोरासमोर कोणी बसवलं नसतं.

पहिल्या रात्री बाई विणकाम घेऊन बसल्या. अर्ध्या तासानं म्हणाल्या की हे सगळं आता किती वेळा दाखवणार. पण उठल्या नाहीत. दुसऱ्या रात्री त्या स्वयंपाकघरात गेल्या आणि दार उघडं ठेवलं. टीव्हीचा आवाज तिथपर्यंत जात होता, मला त्यांच्या सुयांचा आवाज येत नव्हता. तिसऱ्या रात्री त्या आत आल्याच नाहीत. निकालाचा भाग आला, कोणाला किती वर्षं ते एकेक सांगून झालं. मी टीव्ही बंद केला आणि कप ठेवायला कपाटापाशी गेले. दार उघडेना. मी सुरी घ्यायला स्वयंपाकघरात गेले तर बाई खिडकीशी उभ्या. माझ्याकडं न बघता म्हणाल्या, "त्याची किल्ली कधीच नव्हती. मिळालं तेव्हाच नव्हती."

लग्नात आईनं दिलेल्या कपाटाला किल्ली असते.

मी काही विचारलं नाही. आज वाटतं विचारायला हवं होतं. तेव्हा मी तेवीस वर्षांची होते, परक्या देशात, त्यांच्या घरात, आणि त्यांनी मला ताप आला असता रात्रभर कपाळावर पट्ट्या ठेवल्या होत्या. पुढं इतिहासकारांनी सप्रमाण दाखवलं की युद्धाच्या काळात हांबुर्गात ज्यू घरांतलं सामान जाहीर लिलावात विकलं जात होतं. देश सोडलेल्यांचं बंदरात अडकलेलं, इथून पाठवलेल्यांचं, हॉलंडमधून जहाजांनी आणलेलं. घेणारे साधे लोक होते, कारकून, शिंपिणी, नवं लग्न झालेली जोडपी. बाईंचं कपाट त्यातलंच होतं असं मी म्हणू शकत नाही. मला एवढंच माहीत आहे की त्यांनी क्रियापद बदललं होतं. आधी 'दिलं' होतं, मग 'मिळालं' झालं. 'मिळालं' या शब्दाची सोय अशी की त्यात देणारा कोणी नसतो आणि घेणाराही हात मागं घेतो.

बाई 1991 मध्ये गेल्या. पुतण्यानं घर रिकामं केलं तेव्हा कपाट मोठ्या कचऱ्याच्या दिवशी रस्त्यावर ठेवलं, असं शेजारणीनं पत्रात कळवलं. त्याच साली फेख्नरचा शेवटचा चित्रपट आला, 'वोल्फ्सकिंडर'. युद्धानंतर पूर्व प्रशियात आईविना उरलेली, लिथुआनियात भटकत भाकरी मागणारी जर्मन मुलं, त्यांतल्या एका घरातल्या ताटातूट झालेल्या भावंडांची कहाणी. पुढच्या वर्षी, 7 ऑगस्ट 1992 ला फेख्नर हांबुर्गातच वारला.

आता पातेलं.

12 जुलै 1961, बुधवार. पानशेतचं धरण सकाळी फुटलं, मग खडकवासला. मुठेचं पाणी पेठांत शिरलं. आमचं घर नारायण पेठेत, नदीपासून दोन बोळ आत. मी त्या वर्षीच जन्मले, मला काही आठवायचा प्रश्न नाही. पण पूर आमच्या घरात रोज येत असे, जेवताना, पाहुण्यांसमोर, भांडी घासताना. आणि भांड्यांत ते पातेलं होतं, पाच शेर दूध मावेल एवढं, जाड पितळेचं, कडेला टाचणीच्या टोकानं कोरल्यासारखी अक्षरं. आमच्या घरात कोणाचंही नाव त्या अक्षरांनी सुरू होत नाही. आजी म्हणे, पूर ओसरल्यावर चिखलात सापडलं, पायाला लागलं. थोरले काका म्हणत, पूरग्रस्तांना भांडी वाटली त्यात आलं. आत्या म्हणे, काही नाही, शेजारच्या वाड्याची भिंत पडली होती आणि आई आत गेली होती.

1996 मध्ये मी टेपरेकॉर्डर घेऊन तिघांना वेगवेगळं बसवलं. आजी नव्वदीला टेकलेली, देवघराच्या उंबऱ्याशी. काका दुपारच्या झोपेनंतर, पलंगावर. आत्या तिच्या घरी, कोथरूडला. सहा कॅसेटी झाल्या. त्यातली एक भाच्यानं पुसून तिच्यावर गाणी भरली, ती काकांची, त्यामुळं काकांच्या पुराला मधेच ढोलकी लागते. सगळं वहीत उतरवलं, पट्ट्या कापल्या आणि हॉलमध्ये फरशीवर मांडून बसले. पंखा बंद करावा लागला. मुलं घामाघूम होऊन ओरडत होती आणि मी आजीचं अर्धं वाक्य काकांच्या अर्ध्या वाक्याला चिकटवत होते.

चिकटलं. आजी म्हणते, "मी त्या चिखलातून ते पातेलं..." आत्या म्हणते, "...उचललं, आणि पदराखाली धरलं." काका म्हणतात, "लोकांनी दिलं ते घ्यायचं, तेव्हा कोण विचारतं..." आजी म्हणते, "...माझी तीन पोरं उपाशी होती."

शेवटचं वाक्य आजीनं दुसऱ्याच संदर्भात म्हटलं होतं, 1943 च्या महागाईबद्दल. मी ते तिथं लावलं कारण ते बसत होतं. आत्याला वाचून दाखवलं, तर ती ताडकन म्हणाली, "हे आई बोलली नव्हती. तू बोलवलंस तिला." आणि वर्षभर अबोला.

आत्याचं बरोबर होतं. फेख्नरबद्दलही जर्मनीत हा प्रश्न उठला होता की अशा जोडण्यानं माणसं जे बोललीच नाहीत ते बोलल्यासारखी दिसतात. माझं मत आता असं आहे की त्याचा सांधा दिसतो. खुर्ची बदलते, भिंत बदलते, एकामागं पामची झाडं आणि दुसऱ्यामागं टाइलची शेगडी. बघणाऱ्याला कळतं की हे कोणीतरी जोडलंय आणि तो स्वतः तपासू शकतो. माझ्या वहीत नुसती अक्षरं होती, भिंती नव्हत्या. म्हणून आजीचं ते वाक्य मी काढून टाकलं. त्या जागी आता वहीत मोकळी ओळ आहे.

एक मात्र स्पष्ट सांगते. पुरात उचललेलं पातेलं आणि माणसं गाडीत भरून पाठवल्यावर त्यांच्या घरातून लिलावात आलेलं कपाट, या दोन गोष्टी एका तराजूत घालायच्या नाहीत. पानशेतला धरण फुटलं होतं, शेजाऱ्याला कोणी मारलं नव्हतं. पण म्हातारी माणसं दोन्हीकडं क्रियापदापाशीच येऊन थांबत होती आणि ते ऐकायला मला फेख्नरनं शिकवलं.

आजीला मी शेवटचं विचारलं ते 1998 मध्ये, टेपरेकॉर्डरशिवाय. पातेल्यात दूध तापत होतं. तिनं विचारलं, "त्यावर काय लिहिलंय गं, मला आता दिसत नाही." मी वाचलं. ती म्हणाली, "मलाही तेव्हा वाचता येत होतं." आणि गॅस बारीक करायला सांगितला.

आजी पुढच्या वर्षी गेली. पातेलं माझ्याकडं आहे. कडेला 'सौ. इंदि' एवढं वाचता येतं, पुढचं घासून गेलं आहे. त्याखाली गावाचं नाव असावं, त्यातला शेवटचा 'कर' शिल्लक आहे. नारायण, शनिवार किंवा सदाशिव पेठेतल्या नदीकडच्या बाजूला 1961 मध्ये राहणाऱ्या कोणा इंदिराबाईंचं किंवा इंदिरेचं पितळी पातेलं तुमच्या घरच्यांच्या गोष्टीत येत असेल, तर या मासिकाच्या पत्त्यावर मला कळवा. गेल्या दिवाळीत कल्हई करून घेतली आहे.